आवाज कोणी टिपला?

नंदुरबार जिल्ह्याच्या अक्कलकुवा तालुक्यात नर्मदेच्या काठी मणिबेली नावाचे गाव आहे. सरदार सरोवर धरणाच्या पाण्याखाली गेलेले महाराष्ट्रातले हे पहिले गाव. १९९३ च्या पावसाळ्यात इथल्या घरांत पाणी शिरले. गावाजवळचे शूलपाणेश्वराचे जुने मंदिरही बुडाले. काही कुटुंबे दूर पुनर्वसनाच्या गावी गेली, काही डोंगराच्या वरच्या अंगाला सरकून तिथेच राहिली.

काही शिक्षकमित्रांबरोबर आम्ही तिथे गेलो असताना मुलांना एक सोपा उपक्रम दिला. एक मिनिट डोळे मिटून बसायचे आणि कानावर पडलेल्या आवाजांची यादी करायची. मुलांचे कान तिखट होते. बोटीचे इंजिन, कोंबडा, शेळीचे करडू, लांबवर कुऱ्हाडीचा टोला, सागाच्या वाळक्या पानांतून जाणारा वारा, कोणाचा तरी खोकला असे सगळे यादीत आले. एकच आवाज कोणी लिहिला नाही, तो म्हणजे नदीचा. अर्थात मुलांचे काही चुकले नव्हते. धरणामागे तुंबलेले पाणी वाहत नाही, खडकांवर आपटत नाही, म्हणून त्याला आवाजही नाही. शेजारी बसलेल्या एका आजीबाईंनी मात्र सांगितले की त्यांच्या तरुणपणी रात्री घरात निजले तरी नदी ऐकू यायची. तेव्हा एका मुलाने शिक्षकांमार्फत आम्हाला विचारले, तो आवाज आता कुठे ऐकायला मिळेल?

आम्हाला चटकन उत्तर देता आले नाही. नर्मदा खोऱ्यातल्या आंदोलनाच्या काळात तिथे चित्रण झाले. आनंद पटवर्धन आणि सिमंतिनी धुरू यांचा ‘अ नर्मदा डायरी’ हा माहितीपट १९९५ सालचा. खोऱ्यातली माणसे त्यात आपल्याच तोंडाने बोलताना ऐकू येतात. पण अशा माहितीपटात नदीचा आवाज असेल का, असेल तर किती, हे कोणावर अवलंबून असते? ज्याच्या हाती मायक्रोफोन असतो त्याच्यावर. त्याने तो कुठे धरला, किती जवळ धरला आणि काय वगळले, यावर पुढच्या पिढीला काय ऐकायला मिळणार हे ठरते.

चित्रपटाचा इतिहास सांगताना आपण दिग्दर्शक सांगतो, नटनट्या सांगतो, गाणी तर सांगतोच. ध्वनिमुद्रक कोण होता हे सहसा कोणी विचारत नाही. मराठीत हे काम ज्यांनी अगदी सुरुवातीला हाती घेतले त्यांची कहाणी त्या मुलाच्या प्रश्नाशी जोडलेली आहे. म्हणून ती इथे सांगत आहोत.

पडदे रंगवणारे हात

विष्णुपंत गोविंद दामले यांचा जन्म १८९२ साली पेण इथे झाला. त्यांचे नाव घेतले की जाणकारांना ‘संत तुकाराम’ हा चित्रपट आठवतो, कारण शेख फत्तेलाल यांच्याबरोबर त्याचे दिग्दर्शन त्यांनी केले. पण मराठी बोलपटाच्या पहिल्या वर्षांत दामले यांच्याकडे वेगळेच काम होते. ते ‘प्रभात’ कंपनीचे ध्वनिमुद्रक होते.

दामले घडले कोल्हापुरात. तिथे आनंदराव आणि बाबूराव पेंटर हे कलावंत नाटक मंडळ्यांचे पडदे रंगवत असत. दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ १९१३ साली आला आणि चलच्चित्राच्या वेडाने या दोघांना झपाटले. परदेशी कॅमेरा विकत घेणे परवडणारे नव्हते, तेव्हा तो आपणच बनवायचा असे त्यांनी ठरवले. १९१६ मध्ये आनंदराव वारले. बाबूरावांनी काम सोडले नाही आणि दामले त्यांच्या मदतीला होते. फिल्म एका जागी क्षणभर थांबवायची, झडप उघडून मिटायची, मग फिल्म नेमकी एका चौकटीइतकी पुढे सरकवायची, ही सारी क्रिया एका सेकंदात सोळा-सोळा वेळा बिनचूक घडवणारी दंतचक्रे या मंडळींनी घडवली. या कॅमेऱ्यातून महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली आणि १९२० साली तिचा ‘सैरंध्री’ पडद्यावर आला.

शिक्षकांनी हा भाग मुलांना जरूर सांगावा. इथे कोणी अभियांत्रिकीची पदवी घेतलेली नव्हती. यंत्र उघडायचे, त्याचा प्रत्येक भाग कशासाठी आहे हे समजून घ्यायचे आणि तो पुन्हा घडवायचा, हीच त्यांची प्रयोगशाळा होती. दामले यांचे पुढचे सगळे काम या सवयीवर उभे आहे, असे आम्हाला वाटते.

१९२८ मध्ये दामले आणि फत्तेलाल यांनी महाराष्ट्र फिल्म कंपनीसाठी ‘महारथी कर्ण’ हा मूकपट दिग्दर्शित केला. पुढच्याच वर्षी, १ जून १९२९ रोजी, कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनीची स्थापना झाली. व्ही. शांताराम, दामले, फत्तेलाल, केशवराव धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी असे पाच भागीदार होते. शांताराम दिग्दर्शन करत, धायबर कॅमेरा सांभाळत, फत्तेलाल कलाविभाग पाहत, तर कुलकर्णी यांनी भांडवलाची बाजू उचलली होती. ‘उदयकाल’ (१९३०) यासारखे त्यांचे मूकपट गाजत होते. तेवढ्यात चित्रपट बोलू लागला.

आवाजाचा उजेड कसा झाला?

‘चित्रपट बोलू लागला’ हे म्हणायला सोपे आहे. पण चित्र फिल्मवर असते आणि आवाज हवेत असतो. त्या दोघांची गाठ कशी घालायची?

पहिला मार्ग ग्रामोफोनच्या तबकडीचा. ऑक्टोबर १९२७ मध्ये अमेरिकेत प्रदर्शित झालेल्या ‘द जॅझ सिंगर’ या चित्रपटाचा आवाज तबकड्यांवर होता. प्रक्षेपकाबरोबर तबकडी फिरवायची आणि दोघांचा मेळ राखायचा. फिल्म मध्येच तुटली आणि जोडताना चार चौकटी कमी झाल्या, की मेळ बिघडलाच. मग ओठ एक बोलत आणि कानावर दुसरेच पडे.

दुसरा मार्ग अधिक कल्पक होता. आवाजाचेही छायाचित्रच घ्यायचे. मायक्रोफोनवर आवाज पडला की विजेचा प्रवाह त्याबरहुकूम कमीजास्त होतो. त्या प्रवाहाने प्रकाशाचा झोत कमीजास्त करायचा आणि तो सरकत्या फिल्मवर पाडायचा. फिल्म धुतल्यावर तिच्या कडेला काळ्या-पांढऱ्या रेघांची किंवा नागमोडी काठाची एक अरुंद पट्टी उमटते. हीच ध्वनिपट्टी. चित्रपटगृहात तिच्यावर दिव्याचा बारीक झोत सोडायचा. पट्टीतून पार होणारा प्रकाश प्रकाशविद्युत घटावर पडतो, घटातून कमीजास्त प्रवाह वाहतो आणि प्रवर्धकातून तो ध्वनिक्षेपकाकडे गेला की पुन्हा आवाज होतो. पाठ्यपुस्तकात प्रकाशविद्युत परिणाम शिकताना मुलांना तो दूरचा वाटतो. पण प्रत्येक बोलपटाच्या खेळाला तो अक्षरशः कामाला लावलेला असे.

या मार्गावर अनेक देशांत माणसे चालत होती. डेन्मार्कमध्ये आक्सेल पीटरसन आणि आर्नोल्ड पौलसन या दोन अभियंत्यांनी १९२३ च्या ऑक्टोबरात कोपनहेगन इथे आपला बोलता चित्रपट लोकांना दाखवला होता, ‘द जॅझ सिंगर’च्या चार वर्षे आधी. त्यांनी चित्राची फिल्म आणि आवाजाची फिल्म वेगवेगळ्या ठेवून दोन्ही एकाच वेगाने चालवल्या. ही नावे आज त्यांच्या देशाबाहेर फारशी कोणाला ठाऊक नाहीत. ध्वनितंत्रज्ञांच्या नशिबी हे सगळीकडे सारखेच आहे.

भारतात पहिला बोलपट ‘आलम आरा’ १४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक सिनेमागृहात लागला. त्यासाठी इंपीरियल कंपनीच्या अर्देशिर इराणी यांनी ‘तनार’ नावाची यंत्रणा आणली होती. तीत चित्र आणि आवाज एकाच फिल्मवर एकाच वेळी टिपले जात. यंत्राबरोबर विल्फर्ड डेमिंग हा अमेरिकन तंत्रज्ञ आला. त्याच्याकडून थोडेफार शिकून इराणी यांनी रुस्तम भरुचा यांच्या मदतीने ध्वनिमुद्रण स्वतःच केले. स्टुडिओ रेल्वेमार्गाजवळ होता. त्यामुळे गाड्या थांबल्यावर, मध्यरात्रीनंतर चित्रण करावे लागे. या चित्रपटाची एकही प्रत आज उपलब्ध नाही. आपल्या देशातल्या पहिल्या बोलपटात कोणता आवाज होता, हे आपण आता ऐकू शकत नाही.

‘अयोध्येचा राजा’

कोल्हापुरात प्रभातच्या भागीदारांपुढे प्रश्न उभा राहिला. बोलपट करायचा, तर आवाज कोण सांभाळणार? चित्रपटाचे ध्वनिमुद्रण शिकवणारी संस्था देशात कुठेही नव्हती. ही जबाबदारी दामले यांनी उचलली. तेव्हा त्यांनी चाळिशी गाठत आणली होती. पडदे रंगवण्यापासून दिग्दर्शनापर्यंत जम बसलेला असताना, सर्वस्वी नव्या शास्त्रात पहिलीपासून सुरुवात करायची होती.

६ फेब्रुवारी १९३२ रोजी ‘अयोध्येचा राजा’ प्रदर्शित झाला. दिग्दर्शन शांताराम यांचे. हरिश्चंद्र झाले होते गोविंदराव टेंबे, संगीतही त्यांचेच. तारामती होत्या दुर्गा खोटे. तोच चित्रपट हिंदीतही केला गेला. ध्वनिमुद्रण विष्णुपंत दामले यांचे.

त्या काळी ध्वनिमुद्रकापुढे नेमक्या कोणत्या अडचणी असत, हे एकेक करून पाहू. म्हणजे या कामाची किंमत कळेल.

पहिली अडचण वेगाची. मूकपट हाताने मूठ फिरवून टिपत. सेकंदाला सोळा चौकटी हा ढोबळ वेग. थोडा कमीजास्त झाला तर नट जरा लगबगीने चालतो इतकेच. आवाजाला हे चालत नाही. हार्मोनियमच्या शेजारच्या दोन पट्ट्यांच्या वारंवारतेत सुमारे ६ टक्के फरक असतो. फिल्मचा वेग ३ टक्क्यांनी हलला तर सूर अर्ध्या पट्टीने सरकतो. वेग सारखा डुलत राहिला तर उत्तम गवयीही बेसूर वाटेल. म्हणून मूठ गेली, विजेची मोटर आली आणि वेग सेकंदाला २४ चौकटी असा कायमचा ठरला.

दुसरी अडचण जागेची. एक चौकट १९ मिलिमीटर उंचीची, तेव्हा २४ चौकटी म्हणजे सेकंदाला ४५६ मिलिमीटर फिल्म. चार हजार हर्ट्झचा एखादा तीव्र आवाज घ्या. त्याच्या एका आवर्तनाला फिल्मवर ४५६ भागिले ४०००, म्हणजे ०.११४ मिलिमीटर जागा मिळते. मिलिमीटरच्या साधारण नवव्या भागात एक काळी आणि एक पांढरी रेघ बसवायची! फिल्म धुताना रसायनाची तीव्रता, तापमान किंवा वेळ थोडी चुकली तर रेघा एकमेकींत मिसळतात. मग ‘स’, ‘श’, ‘च’ यांसारखी व्यंजने बोथट ऐकू येतात, कारण त्यांची ओळख वरच्या वारंवारतांतच असते. म्हणजे ध्वनिमुद्रकाला फिल्म धुण्याच्या खोलीवरही लक्ष ठेवणे भाग होते.

तिसरी अडचण खुद्द मायक्रोफोनची. आपले कान आणि मेंदू मिळून हवे ते ऐकतात, नको ते बाजूला सारतात. गोंगाटाच्या बाजारात आपण शेजाऱ्याचे बोलणे ऐकू शकतो ते यामुळेच. मायक्रोफोनला हा विवेक नाही. कॅमेऱ्याची घरघर, जोराच्या दिव्यांची गुणगुण, साडीची सळसळ, बाहेरचा कावळा, सारे त्याच्या लेखी सारखेच. म्हणून कॅमेऱ्यावर जाड आवरणे आली, भिंतींवर आवाज शोषणारे पडदे लागले.

चौथी अडचण अंतराची. उघड्यावर ध्वनिस्रोतापासूनचे अंतर दुप्पट केले की ध्वनीची तीव्रता चौपट कमी होते. नट बोलता बोलता दोन पावले वळला की आवाज पडायचा. मायक्रोफोन तर चौकटीत दिसता कामा नये. म्हणून तो कुठेतरी लपवायचा आणि नटांनी त्याच्या आसपासच उभे राहून बोलायचे. वादकांनाही कॅमेऱ्याच्या नजरेआड, पण मायक्रोफोनला ऐकू जाईल अशा बेताने बसवायचे, कारण गाणे आणि चित्र एकाच वेळी टिपले जाई. मूकपटात नट आणि कॅमेरा मोकळे फिरत होते. बोलपटाने त्यांना एका खुंटीला बांधून ठेवले, आणि ती खुंटी म्हणजे मायक्रोफोन.

पाचवी अडचण सवयीची. मराठी नट नाटकातून आलेले. शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोचवायची त्यांची तालीम. मायक्रोफोनला एवढा आवाज सोसत नाही, ध्वनिपट्टीची रुंदी अपुरी पडते आणि आवाज फाटतो. उलट अगदी हळू बोलले तर तो फिल्मच्या खरखरीत बुडतो. या दोन टोकांच्या मधली वाट नटांना दाखवणे हेही ध्वनिमुद्रकाचेच काम.

यातली एकही अडचण प्रेक्षकाला दिसत नाही. ध्वनिमुद्रण चांगले झाले तर ते झाले आहे हेच लक्षात येत नाही. बिघडले तर मात्र सगळे थिएटर ओरडते. ‘अयोध्येचा राजा’ आजही पाहता आणि ऐकता येतो. तो लावून पहिली दहा मिनिटे डोळे मिटून नुसता ऐकावा. शब्द कळतात. दामले यांच्या कामाची पावती ती हीच.

वर्गात करून पाहण्यासारखे

ध्वनिपट्टी कशी बोलते हे समजण्यासाठी फिल्म लागत नाही. एक लहान सौर घट घ्या. त्याच्या दोन तारा बॅटरीवर चालणाऱ्या प्रवर्धकाच्या माइकच्या जागी जोडा आणि प्रवर्धकाला ध्वनिक्षेपक लावा. घटावर काळा कागद चिकटवून त्यात दाढीच्या पात्याने एक अगदी अरुंद उभी फट पाडा. समोरून विजेरीचा उजेड टाका. आता बारीक दातांचा कंगवा फटीला अगदी चिकटून, दात फटीला समांतर ठेवून, आडवा सरकवा. ध्वनिक्षेपकातून सूर ऐकू येईल. कंगव्याला सेंटिमीटरमागे ८ दात असतील आणि तो सेकंदाला ५० सेंटिमीटर वेगाने सरकला, तर ८ गुणिले ५० म्हणजे ४०० हर्ट्झ. वेग वाढवा, सूर चढेल. वेग डुलवा, सूर डुलेल. दामले यांच्या मोटरीची चिंता कशासाठी होती हे मुलांना कानाने कळेल.

मग फट रुंद करत जा. ती दातांमधल्या अंतराइतकी झाली की सूर जवळजवळ नाहीसा होतो, कारण एक दात फटीत शिरतो तेव्हा दुसरा बाहेर पडत असतो आणि घटावरचा एकूण प्रकाश बदलतच नाही. बारीक आवाज ऐकायचा तर फटही बारीक हवी. शेवटी हाच घट जुन्या ट्यूबलाइटखाली धरा. एक भरडी घरघर ऐकू येईल. आपली वीज ५० हर्ट्झची आणि प्रत्येक आवर्तनात दिवा दोनदा उजळतो, म्हणून ही घरघर १०० हर्ट्झची. डोळ्यांना न दिसणारी लुकलुक कानाला ऐकू येते.

पुण्यात

१९३३ साली प्रभात कंपनी पुण्याला आली. पुढच्या काही वर्षांत ध्वनिमुद्रक म्हणून शंकरराव दामले यांचे नाव येऊ लागले आणि विष्णुपंत फत्तेलाल यांच्याबरोबर पुन्हा दिग्दर्शनाकडे वळले. त्यातून १९३६ साली ‘संत तुकाराम’ आला. मुंबईत तो वर्षाहून अधिक काळ चालला आणि १९३७ च्या व्हेनिस महोत्सवात तो जगातल्या तीन उत्कृष्ट चित्रपटांत गणला गेला.

या चित्रपटाविषयी पुष्कळ लिहिले गेले आहे. आम्हाला इथे एकच गोष्ट नोंदवायची आहे. तुकारामांची भूमिका करणारे विष्णुपंत पागनीस रंगभूमीवर स्त्रीभूमिका केलेले गायक नट. चित्रपटात मात्र त्यांचे गाणे बोलण्यातूनच उगवते आणि बोलण्यातच विरते. ते सभागृहाला उद्देशून गात नाहीत. याउलट तुकारामांचे अभंग स्वतःच्या नावावर खपवणारा सालोमालो तेच शब्द दिमाखाने सादर करतो. जिजाईचे काम करणाऱ्या गौरी यांचे बोलणे तर थेट घरातले, चुलीपुढचे. आवाजाच्या या तीन तऱ्हांवर चित्रपट उभा आहे. शेवटच्या रांगेसाठी ओरडण्याची गरज मायक्रोफोनने संपवली आहे, हे ज्याने स्वतः मायक्रोफोन लावला त्याला अधिक चांगले कळले असणार, असे आम्हाला वाटते.

प्रभातमध्ये कानाचा हा विचार पुढेही दिसतो. १९३७ च्या शांताराम दिग्दर्शित ‘कुंकू’मध्ये पार्श्वसंगीत नाही. घरातले, रस्त्यावरचे नैसर्गिक आवाजच तिथे संगीताचे काम करतात. वृद्ध नवऱ्याच्या घरातले जुने घड्याळ त्यात जणू एक पात्रच आहे. पाच वर्षांपूर्वी ज्या बारीकसारीक आवाजांना ध्वनिमुद्रक दाराबाहेर हाकलत होता, त्यांतलेच निवडक आवाज आता मानाने घरात आले.

दामले-फत्तेलाल यांनी पुढे ‘गोपाळकृष्ण’ (१९३८), ‘संत ज्ञानेश्वर’ (१९४०) हे चित्रपट केले. ‘संत सखू’ (१९४१) हा दामले यांच्या दिग्दर्शनातला शेवटचा. १९४५ साली ते वारले. १९५३ मध्ये प्रभात कंपनी बंद पडली. तिच्याच जागेत १९६० साली शासनाने फिल्म इन्स्टिट्यूट सुरू केली आणि तिथे ध्वनिमुद्रण हा रीतसर शिकवायचा विषय झाला. ज्या विद्येला दामले यांच्या वेळी शाळा नव्हती, तिची शाळा त्यांच्याच अंगणात भरली. मात्र २००३ च्या जानेवारीत तिथल्या जुन्या फिल्मच्या साठ्याला आग लागली आणि प्रभातच्या अनेक मूळ फिल्म जळाल्या. त्या काळची फिल्म सेल्युलोज नायट्रेटची असे. तिच्या रेणूतच ऑक्सिजन असल्यामुळे एकदा पेटली की ती विझवणे फार अवघड. जे चित्रपट आधीच दुसऱ्या फिल्मवर उतरवून घेतले होते, ते वाचले.

खुंटी सुटली

दामले यांच्या काळात माणसाला मायक्रोफोनपाशी यावे लागे. मायक्रोफोन माणसापाशी जाऊ लागला तो चुंबकीय ध्वनिमुद्रणामुळे. याची सुरुवातही डेन्मार्कमधलीच. १८९८ साली व्हाल्डेमार पौलसन यांनी पोलादी तारेवर चुंबकत्वाच्या रूपात आवाज साठवून दाखवला. जर्मनीत १९३५ पर्यंत तारेची जागा प्लॅस्टिकच्या फितीने घेतली. १९५१ मध्ये स्टेफान कुडेल्स्की यांनी स्वित्झर्लंडमध्ये ‘नाग्रा’ हे खांद्याला अडकवून नेता येणारे यंत्र तयार केले. पुढे कॅसेट आली, हातात मावणारा व्हिडिओ कॅमेरा आला आणि नव्वदीच्या दशकात नर्मदेच्या डोंगरांत, जिथे रस्ताही धड नव्हता, तिथे एक-दोन माणसे चित्र आणि आवाज दोन्ही घेऊन परत येऊ शकली.

हा फरक केवळ सोयीचा नाही. मायक्रोफोन स्टुडिओत खिळलेला होता तोवर खेड्यातला माणूस पडद्यावर यायचा तो नटाच्या तोंडून. माहितीपटांतही चित्र गावाचे आणि आवाज शहरातल्या निवेदकाचा, अशीच रीत पुष्कळ वर्षे होती. मायक्रोफोन उचलून नेता येऊ लागला तेव्हा गावातल्या बाईचे बोलणे तिच्याच भाषेत, तिच्याच दारात टिपता आले. यंत्र हलके झाले म्हणून हे शक्य झाले. पण ते कोणापुढे धरायचे हा निर्णय यंत्राने घेतलेला नाही.

मणिबेलीतल्या त्या मुलाकडे आता परत येऊ. आम्ही त्याला खरे ते सांगितले. माणसांचे बोलणे टिपलेले आहे, ते ऐकायला मिळेल. रात्री घरात ऐकू येणारी नदी कोणी मुद्दाम टिपली असेल, तरच मिळेल. जो आवाज रोज असतो तो टिपण्यासारखा आहे असे कोणाला वाटत नाही, आणि तो थांबला की मग टिपता येत नाही.

मुलांनी यावर थोडा वेळ चर्चा केली. मग एक मुलगी शिक्षकांचा मोबाइल घेऊन आजीबाईंपाशी बसली आणि नदी कशी वाजायची हे तिने त्यांना तोंडाने करून दाखवायला सांगितले. आजीबाई आधी हसल्या. नंतर त्यांनी करून दाखवले, उन्हाळ्यातली वेगळी आणि पावसाळ्यातली वेगळी.

आम्ही मुलांना एका कागदावर त्याची नोंद करायला सांगितली. काय टिपले, कुठे, कोणत्या दिवशी, मोबाइल किती अंतरावर होता आणि टिपणाऱ्याचे नाव. ‘काय टिपले’ या रकान्यात मुलीने आधी ‘नदीचा आवाज’ असे लिहिले. मग स्वतःच ते खोडून ‘आजीच्या आठवणीतला नदीचा आवाज’ असे केले. शेवटचा रकाना ती विसरली होती. तिथे आम्ही तिला तिचे नाव लिहायला लावले.

तुमच्या गावातही असे रोजचे आवाज असतील. पिठाची गिरणी, विहिरीवरचा रहाट, बाजाराच्या दिवशीची हाळी, शाळेची पितळी घंटा. मुलांकडून ते टिपून घ्या, आणि शेवटचा रकाना रिकामा राहू देऊ नका.